हिरोची विनोदी पाठ

ऐंशीच्या दशकात मी हिंदी सिनेमात हिरोचा ड्रायव्हर, हिरोचा मित्र आणि हिरोच्या बापाचा मुनीम होतो. कुणाचा कुणी नाही असा कधीच नव्हतो.

गोरेगावच्या ज्या स्टुडिओत मी काम करायचो, तिथे एक रिवाज होता. रिहर्सलला आमच्या वाक्यावर लाइटवाले हसले की हिरो डायरेक्टरच्या कानाला लागायचा, आणि चहा येईपर्यंत ते वाक्य त्याचं झालेलं असायचं. एका जुन्या विनोदी नटाने मला बजावलं होतं, "रिहर्सलला मेल्यासारखा बोल रे. हसवलंस की गेलं."

तिथल्याच एका सिनेमात माझ्या वाट्याला ढीगभर 'जी साब' आणि एकच धड वाक्य आलं होतं. हिरो बापाची गाडी तलावात घालतो आणि विचारतो, आता वडिलांना काय सांगू? मी, ड्रायव्हर, म्हणतो, "खरं सांगा, मालक. नाहीतरी तुमच्यावर कोण विश्वास ठेवतंय." एवढं वाक्य मला हवं होतं.

रिहर्सलला ते मी विजेचं बिल वाचावं तसं म्हटलं. हिरो आरशात होता. त्याचं सगळं वाचन तिथेच चालायचं. टेकला मात्र जीव ओतला. लाइटवाले खदखदले. आवाज नंतर भरायचा असल्यामुळे टेक बिघडला नाही.

"रिहर्सलला असं नव्हतं," हिरो म्हणाला.

"आत्ताच जमलं, साहेब."

पुढे डबिंगला जुहूला गेलो. असिस्टंट म्हणाला, "दादा, तुम्हाला फक्त हसायचंय."

"कशावर?"

"साहेबांच्या वाक्यावर."

पडद्यावर माझा चेहरा यायच्या जागी हिरोची पाठ होती. पाठीला ओठ नसतात, त्यामुळे तिच्यावर काहीही बसतं. त्याच्या आवाजात ती पाठ म्हणाली, "खरंच सांगतो. नाहीतरी माझ्यावर कोण विश्वास ठेवतंय." मग पडद्यावरचा मी, स्वतःच्याच वाक्यावर, दात काढून हसत होतो.

मी माइकसमोर हसलो, रिहर्सलला बोललो होतो तसा.

"थोडं मनापासून, दादा."

"मनापासूनचं टेकला दिलं होतं," मी म्हटलं. "ते साहेबांकडे आहे. त्यांच्याकडून मागून घ्या." आणि चप्पल घालून निघालो.

त्या युनिटने मला पुन्हा बोलावलं नाही. सिनेमा मी बोरिवलीला तिकीट काढून पाहिला. पाठीला चांगला हशा मिळाला. माझ्या तोंडून दुसराच कुणीतरी हसत होता, आणि फार मनापासून हसत होता. त्याला ते वाक्य खरोखरच आवडलं असावं.