एप्रिलमधला माणूस

सकाळी साडेसातला दुकानाचं शटर वर करत होते, तेव्हा वहिनीचा फोन आला. "वन्सं, तुमचे भाऊ गेले." एवढंच. तीस वर्षं ती त्याला 'हे' म्हणत आली होती. त्या सकाळी तो एकदम माझा भाऊ झाला. मी शटर खाली ओढलं, आगरदांड्याची फेरी बोट धरली, दिघीला उतरून रिक्षा केली आणि दिवेआगरला पोचले. दादा वाडीत पोफळींना पाणी सोडायला गेला होता, तिथेच कोसळला. वहिनीने आधी पंप बंद केला, मग माणसांना हाका मारल्या. हा क्रम मला आवडला.

त्यानंतरच्या आठवड्यांत दादाबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं. गावाच्या ग्रुपवर त्याच्या फोटोखाली 'देवमाणूस' असं कितीजणांनी लिहिलं असेल. वर्तमानपत्राच्या या पुरवणीसाठी चार शब्द द्या म्हणून मला विचारलं, तेव्हाही अपेक्षा तीच असणार. देते. फक्त सगळे देते.

वडील लवकर गेले आणि नारळ-पोफळीची वाडी दादाने सांभाळली. माझं शिक्षण त्याने केलं. मी फार्मसी शिकले आणि रेवदंड्याला औषधांचं दुकान टाकलं ते त्याच्या जोरावर. गावात पर्यटक यायला लागले तेव्हा मागच्या अंगाला चार खोल्या बांधून पाहुणे ठेवणारा तो पहिल्या काहींतला. बत्तिसाव्या वर्षी तो आजारी पडला. चार दिवस झोपला नाही, अखंड बोलत होता, पाचशे रोपांची मागणी नोंदवून आला... आणि मग महिनाभर भिंतीकडे तोंड करून पडून राहिला. घरच्यांनी आधी ग्रामदेवतेला कौल लावला. मूर्तीला लावलेल्या कळ्या उजव्या पडल्या, बाहेरचं काहीतरी आहे, त्याचा दोष नाही असा अर्थ निघाला आणि सगळ्यांना हायसं वाटलं. एक वर्ष त्यात गेलं. मग मी त्याला अलिबागला मनोविकारतज्ज्ञांकडे नेलं. आजाराला नाव मिळालं, गोळ्या मिळाल्या, त्या दर महिन्याला माझ्याच दुकानातून जायच्या. पण कौलातलं ते एक वाक्य घरात कायमचं राहिलं. त्याचा दोष नाही.

आजार खरा होता, यात मला शंका नाही. तो भिंतीकडे तोंड करून रडायचा तेव्हा मी शेजारी बसलेली आहे. गोळ्यांनी त्याचे हात थरथरायचे, जीभ जड व्हायची, वजन वाढायचं. मी औषधं विकते, मला ते शिकवायला नको. पण औषधं विकणाऱ्या माणसाला आणखी एक गोष्ट दिसते. दादाच्या गोळ्या ऑक्टोबर ते मे नियमित लागायच्या आणि जूनमध्ये मागणी बंद व्हायची. आमच्याकडे पावसात सगळंच आवरतं. होड्या वर ओढतात, पाहुण्यांच्या खुर्च्या एकात एक घालून ताडपत्रीखाली जातात. दादा गोळ्याही तशाच आवरायचा. आणि जुलैत वहिनीच्या पाठीला, दंडाला काहीतरी 'लागायचं'. न्हाणीत घसरले, ती सांगायची. मला कळत होतं. मी मलम पाठवायचे. माझा वाटा एवढा आहे आणि तो मी लपवणार नाही.

वादळाच्या वर्षाची आठवण लोक सर्वांत जास्त काढतात. जूनच्या सुरुवातीलाच आमची वाडी आडवी झाली होती, तरी ज्यांची छपरं उडाली अशी तीन कुटुंबं दादाने महिनाभर घरात ठेवून घेतली. स्वतः भात वाढायचा, पोरांना गोष्टी सांगायचा. खरं आहे. त्या महिन्यात त्याने गोळ्या मागवल्या, हेही खरं आहे. कुटुंबं आपापल्या घरी गेली आणि दुसऱ्या दिवशी वहिनीने त्याच्यासमोर गोळी आणि पाण्याचा पेला धरला, तेव्हा तो म्हणाला, "लोक गेले. आता कुणासाठी घेऊ?"

ती समोर उभी होती.

तीन आठवड्यांनी त्याने तिच्या कानावर मारलं. पडदा फाटला, डाव्या कानाने तिला आजही ऐकू येत नाही. मारण्याआधी त्याने रस्त्याकडच्या दोन्ही खिडक्या लावून घेतल्या होत्या. हे तिने मला दोन वर्षांनी सांगितलं, भाजी निवडता निवडता.

त्यानंतरच्या एप्रिलमध्ये मी मुद्दाम गेले. सीझन भरात होता, दादा गोळ्यांवर होता, शांत, विनोद करत पाहुण्यांना सोलकढी वाढत होता. दुपारी मागच्या पडवीत त्याला गाठलं. म्हटलं, "दादा, जुलैत मारतो तो तू नव्हेस असं सगळे म्हणतात. धरून चालू. पण त्याला बोलावतो कोण?"

त्याने पंच्याला हात पुसले. मग म्हणाला, "डॉक्टरच म्हणतात, माझ्या हातात नसतं ते."

"जुलैत नसतं. आज आहे ना?"

"गोळ्यांनी माणूस मातीचा होतो गं. तुला नाही कळायचं."

"पाहुण्यांसाठी होतोस की मातीचा."

तो उठला आणि आणखी सोलकढी हवी का, ते पाहुण्यांना विचारायला गेला. त्या वर्षीही जूनमध्ये मागणी बंद झाली. मी वहिनीला रेवदंड्याला घेऊन आले आणि पावसाळाभर ठेवून घेतलं. पुढची सगळी वर्षं तोच नेम झाला. नातेवाईक म्हणाले, आजारी नवऱ्याला टाकून गेली. जुलैतल्या माणसाला मी, त्या खिडक्यांसकट, कधीच माफ केलंय, तो आजारी होता. एप्रिलमधल्याला मी सोडणार नाही. त्याला सगळं ठाऊक होतं.

दहाव्याला किनाऱ्यावर सुरूच्या बनाशी पिंड मांडला. आमच्याकडे आता बायकाही जातात. कावळे भरपूर होते, एकही खाली उतरेना. अर्धा तास झाला. वाडी नीट सांभाळू, कुळाचार चालू ठेवू, सगळी वचनं देऊन झाली. मग बंडूकाका, वडिलांचे चुलतभाऊ, वहिनीजवळ आले. "सुनंदा, जीव तुझ्यात अडकलाय त्याचा. पुढे हो आणि माफ केलं म्हण. दोन शब्दांचं काम." वहिनीने उजवा कान पुढे केला, त्यांनी पुन्हा सांगितलं. सगळे तिच्याकडे बघायला लागले. ते दोन शब्द तिने उच्चारले असते, तर तीस वर्षांत काही घडलंच नाही, असं त्याच वाळूत ठरलं असतं.

मी म्हटलं, "काका, कावळ्यांना घाई नाही. तुम्हाला कसली आहे?"

"तू गप बस. त्याच्यात आणि आजारात फरक कर जरा."

"तोच तर करत्येय."

वहिनी पुढे गेली. पदर सावरला, हात जोडले नाहीत. पिंडाकडे बघून म्हणाली, "मी काही म्हणणार नाही. थांबायचं तेवढं थांबा." आणि माझ्याशेजारी येऊन उभी राहिली. शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा केला आणि पिंडाला शिववला. परतताना कुणी आमच्याशी बोललं नाही. मला आनंद झाला. दुःखही होतं, पण आनंद जास्त होता...

दिवाळीच्या आधी खोल्या उघडायला गेले. पुढच्या खोलीत, चाव्यांच्या फळीखाली पाहुण्यांच्या अभिप्रायांची वही ठेवलेली असते. दादाला तिचा फार सोस. संध्याकाळी चहा घेऊन तो तीच वाचत बसायचा. पानोपानी तोच आहे, काकांसारखा प्रेमळ माणूस नाही, काकांच्या गप्पा विसरणार नाही. वादळाच्या वर्षी मार्चमध्येच टाळेबंदी लागली, त्यानंतर अर्धं पान कोरं. त्या कोऱ्या जागेत मी लिहिलं. जुलैत कोणत्या तारखेला या घरात काय झालं, कुणी केलं, त्याआधी गोळ्या कुणी आणि का थांबवल्या. सहा ओळी, विशेषणं न वापरता. खाली माझं नाव घातलं आणि वही वहिनीपुढे ठेवली. फाड म्हणाली असती तर मी पान फाडलं असतं.

तिने चष्मा लावून दोनदा वाचलं.

"तारीख चुकल्येय, वन्सं."

माझी तारीख खोडून तिने बरोबर तारीख घातली. माझ्या नावाखाली स्वतःचं पूर्ण नाव लिहिलं, सावकाश, शाळेत लिहितात तसं. मग वही मिटून चाव्यांखाली, तिच्या जागेवर ठेवली आणि खोलीतले दिवे लागतात का ते बघायला गेली. शनिवारी पहिले पाहुणे यायचे होते.