जूनमध्ये सांगितलेली गोष्ट

यातलं अवाक्षरही मी आजवर कुणापाशी काढलेलं नाही. नवऱ्यापाशी नाही, सख्ख्या बहिणीपाशी नाही. तुम्हाला सांगतेय, कारण तुम्ही मला ओळखत नाही — आणि ओळखत असतात तर सांगितलं असतं का? नसतंच. माझा स्वभाव मला ठाऊक आहे. चार माणसांनी आपल्याला चांगलं म्हणावं, ही हौस मला लहानपणापासून जरा जास्तच. पण स्वभावाकडे बोट दाखवून मला सुटका करून घ्यायची नाही.

मी वकील. म्हणजे होते. सांगलीच्या कोर्टात काही वर्षं जमिनीचे दावे चालवले. मग मंदारला, माझ्या नवऱ्याला, द हेगमध्ये नोकरी लागली आणि त्याच्या व्हिसावर मी नेदरलंड्सला आले. लायडस्खेनडाममध्ये घर, आमची लेक सई तिथल्या शाळेत, आणि मी दिवसभर त्या घरात. कुणाच्या घरी गेलं की ओळख व्हायची — "ही मंदारची बायको." यात खोटं काय होतं? काहीच नाही. तरी रोज टोचायचं. म्हणून युट्रेख्टमधल्या एका लहानशा संस्थेत संशोधनाची जागा मिळाली, तेव्हा मी पावसात अर्धवट भिजत, सायकलीवर गाणं म्हणत घरी आले होते.

प्रकल्प होता अमेरिकेतल्या नवाहो लोकांच्या जमिनीवर. आता सांगलीच्या वकिलाला नवाहोंचं काय कळतं? पण जमिनीचं कळतं असं मला वाटायचं. सातबारा बघितल्याशिवाय जमीन कुणाची हे सांगायचं नाही, या शिस्तीत मी वाढलेली. आणि इथे तर सातबाराच नाही. जमीन कुणा एकाची नाहीच. ती सगळ्या समाजाची, आणि कायद्याने अमेरिकी सरकार तिचं विश्वस्त. दीडशे वर्षांपूर्वी सैन्याने या लोकांना त्यांच्या मुलखातून हाकललं, शेकडो मैल पायी चालवत नेलं, छावणीत डांबलं. मग तह झाला आणि ते आपल्याच डोंगरांत परत आले. ज्या घराण्याची मेंढरं जिथे चरायची, तिथे त्या घराण्याची वहिवाट. आणि ही वहिवाट आईकडून लेकीकडे जाते. पुढे सरकारने जमीन झिजते म्हणून त्यांची मेंढरं जबरदस्तीने कमी केली, आणि चराईचे परवाने काढले. तेव्हापासून वहिवाट एकीकडे आणि परवाना एकीकडे. परवान्याचे तुकडे शक्यतो करत नाहीत. घरात कितीही भावंडं असोत, तो एकाच्याच हाती जातो.

हे सगळं मला पुस्तकांतून कळलं. खरं कळलं ते लोरेनामुळे. नाव बदललंय. बाकी काही बदललेलं नाही.

लोरेना नवाहो. आमच्या संस्थेत पाहुणी संशोधक म्हणून आलेली, माझ्याच वयाची, हसरी, आणि चिडली की एकदम गप्प होणारी. त्यांच्याकडे ओळख सांगताना आधी आईचं कुळ सांगतात, मग वडिलांचं. तिने ते सांगितलं आणि मला विचारलं, तुझं काय? मी माहेर-सासर समजावून सांगायला लागले. लग्न झाल्यावर मी नवऱ्याच्या घरी गेले, जमीन भावाकडे राहिली, वगैरे. ती पोट धरून हसली. म्हणाली, म्हणजे तुझ्या आईच्या जमिनीवर तुझा भाऊ आहे आणि तू त्याच्याकडे पाहुणी? मला राग आला होता. पण मैत्री झाली ती तिथूनच.

तिच्या आईचं वय झालं होतं. चराईचा परवाना आईच्या नावावर, आणि तो आता पुढे द्यायची वेळ आली होती. एक तर लोरेनाला, नाही तर तिच्या मावसभावाला. मावसभाऊ तिथेच राहायचा, मेंढरं सांभाळायचा. लोरेना मात्र समुद्रापार येऊन बसलेली. तरी आईचा कल लेकीकडे होता. वर्ष संपलं की लोरेना परत जाणार, आईच्या खोपटाशेजारी घर बांधणार, मेंढरं बघणार — हे ठरलेलं होतं. तिची नाळ तिथल्या मेंढवाड्याच्या मातीत पुरलेली होती. हे ती सांगायची तेव्हा मला आमची सांगलीची मागची पडवी आठवायची. दुसरं काही तिला नकोच होतं.

त्यांच्या काही गोष्टी फक्त हिवाळ्यात सांगायच्या असतात. पहिलं दंव गोठल्यापासून ते पहिली वीज कडाडेपर्यंत. एरवी नाही. हातावर दोऱ्याच्या आकृत्या करायचा एक खेळ आहे, तोसुद्धा फक्त हिवाळ्यातला. लोरेनाने सईला तो शिकवला, आणि वसंतात सई दोरा घेऊन मागे लागली तेव्हा तिने हसत हसत, पण ठाम नकार दिला. सई डचमध्ये कुरकुरली. मी म्हणाले, अगं, पोरगी आहे, काय बिघडतं? लोरेनाने सईच्या हातातला दोरा घेतला आणि गुंडाळून ठेवला. मी काय बोलले ते मला तेव्हा कळलं नाही — की कळलं होतं?

त्याआधीच्या डिसेंबरात तिने मला एक गोष्ट सांगितली होती. एका झऱ्याची. त्यांच्या मेंढरांच्या हिवाळी जागेमागचा झरा, आणि तिच्या घराण्यातली बाई त्या छावणीतून परत आली तेव्हा तिथे काय झालं, ते. युट्रेख्टमधल्या तिच्या खोलीत, दुपारी. बाहेर पाऊस होता, आपला नेहमीचा डच पाऊस. इथला हिवाळा धरायचा नाही, तिथला धरायचा, म्हणून तिने आधी घरी फोन करून तिकडे बर्फ पडल्याची खात्री करून घेतली. मग टेबलावर कप ठेवला, तो डोंगर. चमचा ठेवला, तो ओहोळ. मेंढवाडा कुठे, झरा कुठे. आणि सांगत गेली. त्यांचं त्या जमिनीशी नातं काय, हे मला त्या एका दुपारी समजलं. शेवटी एवढंच म्हणाली, की ही आमच्या घरातली आहे, तुझ्यापाशी ठेव.

ती गोष्ट मी इथे सांगणार नाही. आता तरी नाही.

इथपर्यंत लिहिलं आणि थांबले. उगाच उठून पाणी पिऊन आले.

जूनमध्ये संस्थेत माझं काम मांडायचं होतं. माझी जागा पुढे चालू राहणार की नाही, ते त्यावर ठरणार होतं. लोरेना तेव्हा मेंढरांची लोकर कापायला महिनाभर घरी गेली होती. मी परवाने, नियम, निकाल असं सगळं मांडलं. आमचे प्राध्यापक, मोठे सभ्य गृहस्थ, म्हणाले की काम व्यवस्थित आहे, पण यात जमीन कुठे दिसत नाही. खोलीत कुणीतरी हसलं. फार नाही, जरासं.  पुन्हा ते घर, पुन्हा "मंदारची बायको" — हे डोळ्यांपुढे आलं, आणि मी तोंड उघडलं.

मी झऱ्याची गोष्ट सांगितली. पहिल्यापासून शेवटपर्यंत. मला गोष्ट सांगता येते हो, लहानपणी बक्षिसं मिळवलीत त्यात. खोलीत कुणी हालत नव्हतं. टेबलावर मीही कप ठेवला, चमचा ठेवला. नकाशा भिंतीवर होताच, त्यावर बोट ठेवून जागासुद्धा दाखवली. बाहेर लख्ख ऊन होतं, जूनचं, न संपणारं. बोलता बोलता मला आठवत होतं, की हा हिवाळा नाही. आठवत होतं. विसरले असं म्हणायची सोय मला नाही.

संपल्यावर प्राध्यापकांनी विचारलं, "हे सांगायची परवानगी आहे ना?"

"हो," मी म्हणाले.

सगळ्यांनी कौतुक केलं. त्या संध्याकाळी कालव्याच्या काठी आम्ही बसलो, लोक माझ्याशी बोलायला खुर्च्या ओढून येत होते. मी इतकी खूश होते! घरी येताना सईसाठी स्ट्रॉबेरी घेतल्या.

ऑगस्टमध्ये संस्थेने प्रकल्पाची माहिती इंटरनेटवर टाकली. त्यात नकाशा होता, त्यावर झऱ्याच्या जागी एक ठिपका, आणि गोष्टीच्या चार ओळी. कुणी सांगितली ते नव्हतं. खाली आमचा सगळ्यांचा फोटो. मधोमध लोरेना. मी कडेला, अर्धी कापली गेलेली.

तो फोटो तिच्या गावात पोचायला किती वेळ लागणार? मावसभावाने गावच्या बैठकीत तो सगळ्यांना दाखवला. म्हणाला, घरातली गोष्ट जिने परक्यांना विकली, आणि तीही उन्हाळ्यात, तिच्या हाती जमीन द्यायची का? त्याचं तरी काय चुकलं? त्या फोटोत नवाहो चेहरा एकच होता.

लोरेना तोवर युट्रेख्टला परतली होती. तिने मला विचारलं, तू कुणाला बोललीस का? मी नाही म्हणाले. तिने लगेच विश्वास ठेवला. मला वाटलं होतं ती थोडी तरी तपासून बघेल, उलट विचारेल. काही नाही. म्हणाली, मग संस्थेतल्या कुणीतरी जुन्या पुस्तकात अर्धंमुर्धं वाचलं असेल. मग एक काम कर. माझ्या आईला एवढंच सांग, की मी ती गोष्ट तुला एकटीला सांगितली आणि हिवाळ्यात सांगितली. आईला तेवढं पुरे आहे. तिला फक्त हे हवंय की मी रीत मोडली नाही.

मी हो म्हणाले. काय करणार होते? 

सप्टेंबरातली संध्याकाळ. तिच्या खोलीत, तिच्या पलंगावर आम्ही दोघी शेजारी शेजारी, मांडीवर लॅपटॉप. तिकडे सकाळ. पडद्यावर तिची आई — केस मागे बांधलेले, खूप सुरकुत्या, कॅमेऱ्याकडे नाही तर त्याच्या जरा बाजूला बघणारी. तिच्या मागे मावसभाऊ उभा. आणि शेजारी चराईच्या कामाचा गावाने निवडलेला एक माणूस, टोपी मांडीवर ठेवून बसलेला. आईला इंग्रजी येत नव्हतं. मी बोलायचं, लोरेनाने तिच्या भाषेत सांगायचं, असं ठरलं होतं.

तो टोपीवाला माणूस येणार हे मला माहीत नव्हतं. त्याने सुरुवातीलाच सांगितलं, की जे बोलाल ते मी तुमच्या संस्थेलाही कळवणार आहे, ठिपका काढून टाकायला सांगायचा आहे. शांतपणे सांगितलं.  मी गोष्ट ऐकली म्हटलं, की पुढचा प्रश्न येणारच होता — मग तुम्ही ती कुठे सांगितलीत? प्राध्यापकांना जून आठवणारच होता. आणि ती परवानगी. मी सगळा हिशोब तिथल्या तिथे केला. वकील होते ना.

आई काहीतरी बोलली. लोरेनाने मला सांगितलं, ती विचारतेय, माझ्या मुलीने ती गोष्ट तुला केव्हा सांगितली?

केव्हा. एवढंच तिने विचारलं होतं. सांगितली का, असं नव्हतंच विचारलं.

मी म्हणाले, "मला तिने अशी कुठलीच गोष्ट सांगितलेली नाही."

लोरेना माझ्याकडे वळली. मी पडद्याकडे बघत राहिले. तिचा खांदा माझ्या खांद्याला लागलेला होता, तो तिने काढला नाही. त्या क्षणाला ती सगळं समजली — जूनचं, नकाशाचं, ठिपक्याचं. तिला माहीत होतं की मी खोटं बोलतेय, आणि मला माहीत होतं की तिला माहीत आहे. ती तिथेच म्हणू शकली असती, ही खोटं बोलतेय. का नाही म्हणाली? मला अजून कळलेलं नाही. तिचा शब्द त्या घरात आधीच चालत नव्हता, म्हणून असेल. साक्षीदार मी होते.

तिने आईकडे बघितलं आणि माझं उत्तर तिच्या भाषेत सांगितलं. थोडक्यात. त्यांच्या भाषेतला "नाही" मला तिनेच शिकवला होता, तो मला ऐकू आला.

 आईने मान एकदा खाली घातली आणि उठून पडद्याबाहेर गेली.  टोपीवाल्याने आभार मानले.

लोरेनाने लॅपटॉप मिटला. वायर गुंडाळली. मला वाटलं आता ओरडेल, काहीतरी फेकेल — मी तयार होते त्याला.

"तुझी ट्रेन चुकेल," ती म्हणाली.

मी उठले आणि गेले. ट्रेन मिळाली.

फक्त मलाच सांगितल्याचं लोरेनाने खोटं रचलं असं ठरलं, आणि परवाना मावसभावाला मिळाला. लोरेना मुदतीआधीच अमेरिकेला परतली, पण गावी नाही, दूरच्या एका शहरात, नोकरीला. संस्थेने ठिपका काढून टाकला. माझी जागा चालू राहिली, पुढे पदवीही मिळाली, आणि अजूनही कुठे कुठे मला नवाहोंच्या जमिनीवर बोलायला बोलावतात. मी जाते. काही वर्षांनी एका ओळखीच्याकडून कळलं, की लोरेनाची आई वारली. लेकीशी तिचं बोलणं शेवटपर्यंत पूर्वीसारखं झालं नव्हतं म्हणे.

लोरेनाला यातलं काही नव्याने सांगण्यासारखं नाही. तिला त्या संध्याकाळपासून सगळं माहीत आहे. माहीत नव्हतं ते तिच्या आईला, आणि जिने ते तिला सांगायचं होतं, ती मी होते.

तिने ती गोष्ट मला डिसेंबरात सांगितली. तिकडे बर्फ पडल्यावर सांगितली. फक्त मला सांगितली.