मुक्या सिनेमाचा प्रॉम्प्टर

माझा नवरा झाडीपट्टीच्या नाटकांत प्रॉम्प्टर आहे. आमच्याकडचे नट आज या गावात तर उद्या त्या गावात. पाठांतराला वेळ कुणाला? हा विंगेतून वाक्य पुढे सरकवतो आणि ते नटाच्या तोंडून बाहेर पडतं. टाळ्या नटाला, घसा बसतो याचा. हिवाळाभर घरी त्याचा पत्ता नसतो. मला त्याचा राग येतो, हे कबूल करते.

मी सिंदेवाहीत नर्स आहे. एका वर्षी पुढच्या शिक्षणासाठी पुण्याला माझी निवड झाली. दोन वर्षं. पोरगी सहा वर्षांची. मी गेले तर याला नाटकांचा सीझन सोडावा लागणार, आणि सीझनमध्ये तर याचा जीव अडकलेला. मी निवडीचं पत्र कपाटात साड्यांखाली सारलं आणि कुणाजवळ काही बोलले नाही.

अशातच एका रविवारी दुपारी पोरीच्या शाळेतल्या गुरुजींनी शाळेच्या हॉलमध्ये खूप जुना परदेशी मूकपट लावला. मधल्या पाट्या इंग्रजीत, म्हणून मराठीतून बोलायला माझ्या नवऱ्याला बसवलं. सकाळी त्याने सिनेमा एकदा पाहिला, गुरुजींकडून अर्थ समजून घेतला, वहीत संवाद उतरवले. गोष्ट एका गायिकेची. मुक्या सिनेमात गायिका, आता काय म्हणावं! तिला मोठ्या शहरातून बोलावणं येतं आणि नवरा आडवा येतो.

हा पडद्याच्या बाजूला खुर्ची टाकून बसला होता. सवयच ती, नटाचे ओठ हलायच्या आधीच याचं वाक्य तयार. लोक खूश होते. मग तो प्रसंग आला. पडद्यावरच्या नवऱ्याच्या हाती बायकोचं पत्र लागलं. याने वही मिटली.

"जाय तू," तो म्हणाला. "दोन वर्सं काई लय नाई. औंदा मी नाटकाले जात नाई. पोरीचं मी पायतो."

सिनेमात पोरगी नव्हतीच. मी मागच्या बाकावर तोंडाला पदर लावून रडले. या माणसाचा माझ्यावर एवढा जीव आहे, हे मला तोवर कळलंच नव्हतं.

पडद्यावरचा नवरा तेवढ्यात पत्राचे तुकडे करत होता.

"भाऊ," पुढच्या रांगेतले एक म्हातारे बोलले, "त्यानं तं कागद फाडला. तुमी चुकले."

"मी नाई चुकलो," नवरा म्हणाला. "तो चुकून राह्यला."