गढीची माती

जालना जिल्ह्यातल्या टेंभुर्णीजवळच्या आमच्या गावात सरदार घराण्याची एक पडकी गढी आहे. तिच्या भिंतींची पांढरी माती खणून आमच्या वस्तीतले लोक घरांच्या माळवदावर पसरायचे, म्हणजे पावसात छत गळत नसे. मी शाळेत असताना एकदा तिथली एक भिंत कोसळली आणि माती खणणारी माझी आत्या खाली गाडली गेली.

पुढे गावाने गढीसमोर इतिहासाचा फलक लावायचं ठरवलं. मी पत्रकं लिहितो, म्हणून मजकूर लिहायचं काम माझ्याकडे आलं. मी त्यात आत्याचं नाव आणि तिचा मृत्यू लिहिला. वडिलांनी वाचून कागद परत दिला.

“हे काढ. माती चोरायला गेल्ती म्हणतील.”

चोरी कसली? गढी बांधताना ती माती आमच्याच पूर्वजांनी वेठबिगारीत डोक्यावरून वाहिली होती. मी वडिलांना मोबाईलवर जर्मनीतल्या एका जुन्या डोंगरी किल्ल्याचे अवशेष दाखवले. सरदार गेल्यावर खालच्या गावाने त्याचे दगड नेऊन घरं बांधली. तिथल्या फलकावर हे उघड लिहिलं आहे.

“त्यांचे सरदार गेले,” वडील म्हणाले. “आपले इथंच राहून राह्यले. उद्या मला त्यांच्याच रानात कामाला जायचंय.”

मी ती ओळ काढली नाही. फलक दुसऱ्याच मजकुराचा लागला. त्यात पराक्रम आहे, आत्या नाही. माझा मजकूर मी जुन्या जालन्यात छापून गावात वाटला. दुसऱ्या दिवशी वडिलांना रानातून परत पाठवलं. ते ओसरीवर पत्रक घेऊन बसले.

“तिचं नाव बराबर छापलंस,” एवढंच म्हणाले.