तीन दशांश सेकंद

माझी धाकटी बहीण सुमित्रा गेली ती सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी. इस्पितळातला माणूस सायकलवरून निरोप घेऊन बसवनगुडीतल्या आमच्या घरी पोचला तेव्हा दहाला पाच मिनिटं कमी होती. मधली पंचेचाळीस मिनिटं मी कॉफी प्यायलो, पेपर वाचला, तिच्या डब्यात आज काय द्यायचं ते पत्नीशी बोललो... सहा आठवडे झाले, त्या पंचेचाळीस मिनिटांचं काय करायचं ते मला कळलेलं नाही.

सुमी देशासाठी दोनदा परदेशात धावली, ते पेपरांतून आलं आहे. त्याआधीची एक गोष्ट फक्त घरात ठाऊक आहे. त्या गोष्टीतली चूक माझी, म्हणून ती मीच सांगायला हवी.

सुमी तेव्हा एकोणीस वर्षांची होती. संघनिवडीच्या शर्यतीचं बोलावणं हवं असेल तर शंभर मीटरची वेळ लेखी कळवावी लागे आणि ती बारा पूर्णांक तीन सेकंदांच्या आत असावी लागे. तिच्या क्लबने घड्याळ माझ्या हाती दिलं, कारण कारखान्यात मी मापं तपासायच्या कामावर होतो आणि आकड्यात चुकत नाही अशी माझी ख्याती होती. पत्नी कमल खोक्याच्या दोन फळ्या घेऊन सुरुवातीच्या रेषेवर उभी राहिली, मी शेवटच्या. खुरप्याने पायांसाठी खड्डे करता करता सुमी म्हणाली, "वहिनी, स्वल्प जोरात. माझ्यावर चिडून भांडी आपटतेस ना, तशी." फळ्या वाजल्या, मी बटण दाबलं. बारा पूर्णांक एक. मी सही करून कागद पाठवला, बोलावणं आलं, आईने गल्लीत चिरोटे वाटले.

पंधरा दिवसांनी एका शर्यतीत मी वेळ घेणाऱ्या पंचांजवळ उभा होतो. सगळ्यांची नजर पिस्तुलाच्या धुरावर. धूर दिसताच त्यांची बटणं दाबली जात, आवाज मागाहून येई. मी आवाजावर दाबलं होतं. शंभर मीटर यायला आवाजाला साधारण तीन दशांश सेकंद लागतात. तेवढं माझं घड्याळ उशिरा सुरू झालं होतं, म्हणजे सुमीची खरी वेळ बारा पूर्णांक चार.

दोन दिवस मी गप्प राहिलो. तिसऱ्या दिवशी सांगितलं. ती बुटांना तेल लावत होती, ती थांबली. कुणाला कळणार आहे, असं वर मीच म्हणालो. लिहिताना आजही लाज वाटते.

"तिथे धावताना मला कळेल, अण्णा. सही तुझी आहे, पत्र तूच लिही."

पत्र गेलं, बोलावणं रद्द झालं. आई आठवडाभर माझ्याशी बोलली नाही. सुमी बोलत होती, ते जास्त जड गेलं. पुढच्या वर्षी तिने बारा पूर्णांक दोन धावून दाखवलं, आणि तेव्हाही घड्याळ दुसऱ्या कुणाला धरू दिलं नाही. फक्त कमलच्या मनगटाला एक पांढरा रुमाल बांधला आणि मला म्हणाली, "कान घरी ठेवून ये. रुमाल बघ."

पुढे ती मुलींना शिकवू लागली तरी रुमाल तोच राहिला. गेल्या रविवारी त्या मुलींनी मला मैदानावर बोलावलं आणि घड्याळ हातात दिलं. दूर रेषेवर एका मुलीने फळी धरलेला हात उंच केला. मनगटाला तो रुमाल, धुऊन धुऊन पिवळसर झालेला. तो खाली आला. मी बटण दाबलं.

मग आवाज आला.