मोडलेली तूर आणि कोर्टाचा अवमान

लग्न होऊन मी जिंतूर तालुक्यातल्या त्या गावात आले, तेव्हा माझ्या सासूबाई, ज्यांना मी आत्याबाई म्हणायचे, गायरानाचा एक तुकडा कसत होत्या. सासरे वारल्यापासून एकट्याच. मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराच्या त्या दिवसांत आमच्या वस्तीशी गावाचं बोलणं तुटत आलं होतं. त्यातच गायरानावरचं अतिक्रमण काढा, असा गावातून अर्ज तहसीलला गेला. आम्ही औरंगाबादला हायकोर्टात गेलो. कोर्टाने हुकूम दिला, आधी यांचं म्हणणं ऐका, तोवर जमिनीला हात लावू नका.

तरी तूर फुलावर असताना तहसीलचे साहेब पोलीस घेऊन आले आणि त्यांनी उभ्या पिकात ट्रॅक्टर फिरवला. मी शाळेत शिकवत होते. निरोप आला तशी धावत गेले. आत्याबाई बांधावर बसल्या होत्या.

"कागद दाखिवला की त्यायला," त्या म्हणाल्या. "नंतर बघू म्हणले."

वकिलांनी अवमानाचा दावा टाकला. तो शब्द ऐकून आत्याबाई सावरून बसल्या. आपला अवमान झाला, हे कुणीतरी कायद्याच्या भाषेत म्हणतंय, असं त्यांना वाटलं. मलाही तसंच वाटलं होतं.

सुनावणीला आम्ही दोघी गेलो. साहेब हात बांधून उभे होते. सगळं इंग्रजीत झालं आणि लवकर आटोपलं. बाहेर येऊन वकील म्हणाले, "साहेबांनी माफी मागितली. कोर्टानं मान्य केली. जमिनीचा ताबा परत मिळेल."

"माफी कुणाची मागितली?" आत्याबाईंनी विचारलं.

"कोर्टाची. हुकूम कोर्टाचा मोडला ना, मावशी."

"तूर तर माझी व्हती."

व्हरांड्यात साहेब पाणी पीत होते. आत्याबाई सरळ त्यांच्यापुढे गेल्या.

"साहेब, आत तुमी काय बोललात ते मला कळालं न्हाई. मराठीत सांगा."

साहेबांनी इकडेतिकडे पाहिलं. मग आत्याबाईंकडे बघून हळूच म्हणाले, "चूक झाली, बाई."

आत्याबाईंनी मान हलवली आणि त्या परत आल्या. एस.टी.त मी विचारलं, "एवढ्यावरच सोडलंत?"

"आत कुणी माझ्याकडं बघितलंच न्हाई," त्या म्हणाल्या. "ह्यानं बघून सांगितलं."

पुढे कितीदा तरी मी यावर विचार केला. नुसती तूर मोडली असती तर ते साहेब कुठेच हजर झाले नसते. कोर्टाला आपला शब्द राखायचा होता, म्हणून आमची दाद लागली. हे समजतं, पण गळी उतरत नाही.

ताबा मिळाला. रीतसर चौकशी झाली तोवर त्या साहेबांचीही बदली झाली होती. अर्धा तुकडा आत्याबाईंच्या नावावर झाला, अर्धा गायरानातच राहिला. तिथे गावची गुरं चरायची. एखादं वासरू आमच्या ज्वारीत शिरलं, तर आत्याबाई त्याला हाकलून द्यायच्या. तक्रार घेऊन त्याच्या मालकाच्या दारी मात्र त्या कधी गेल्या नाहीत.