माईकवर उतरलेलं कबूतर

पुण्यात सिनेमाचं शिक्षण घेताना शेवटच्या वर्षी माहितीपट करावा लागायचा. वर्गातली बाकीची मुलं विषय शोधत फिरत होती. मी सरळ सांगलीला मामाला फोन लावला. मामा कुपवाडच्या एका वर्कशॉपमध्ये लेथवर काम करतो आणि सुटीच्या दिवशी गच्चीवर कबुतरं उडवतो.

"मामा, कबूतरवाल्यांच्या उपसंस्कृतीवर फिल्म करतेय."

"उप म्हंजे? उपसरपंचासारखं?" मामाचा आवाज चढला. "आमी काय कुणाच्या हाताखाली हाय व्हय?"

तरी त्यानं मला शर्यतीच्या दिवशी बोलावलं. सगळ्यांनी सकाळी कबुतरं एकदम सोडायची. ज्याचं सर्वांत उशिरा उतरेल, तो जिंकला. मात्र कबूतर मालकाच्याच गच्चीवर उतरायला हवं, दुसरीकडं टेकलं की बाद. लबाडी नको म्हणून प्रत्येक गच्चीवर समोरच्या पार्टीचा पंच. मामाकडं पंच म्हणून मागच्या गल्लीतले निवृत्त सुभेदार आले.

मला वाटलं होतं, काय थरार असेल! प्रत्यक्षात दोघं चटईवर उताणे पडून आभाळाकडं बघत राहिले. कॅमेऱ्यात नुसती दोन पोटं वरखाली होताना दिसत होती. शेवटी मी मामीची मुलाखत घेतली. "ह्यांस्नी आभाळातला ठिपका वळखू येतोय," मामी म्हणाली, "पण रिकामा सिलिंडर दिसत न्हाई."

दुपारपर्यंत बाकी सगळी कबुतरं उतरली, सुभेदारांचंसुद्धा. मामाचं तेवढं वर राहिलं. पंखांचा आवाज मिळावा म्हणून मी लांब दांडीचा केसाळ माईक उंच धरला. कबुतरानं दोन घिरट्या घेतल्या आणि येऊन थेट माईकवर बसलं.

"जिंकलो!" मामा उडालाच. "आपल्याच गच्चीवर उतरलं!"

"गच्चीवर कुठं? माईकवर बसलंय." सुभेदार माझ्याकडं वळले. "माईक कुठला, पोरी?"

"पुण्याचा. भाड्यानं आणलाय."

"मग कबूतर पुण्यात उतरलं. बाद!"

"आवं सुभेदार, माईक पोरीच्या हातात, पोरगी माझ्या गच्चीवर, आन् ती माझी सख्खी भाची हाय!"

"भाची तुमची. माईक न्हाई."

कबूतर निवांत पिसं साफ करत होतं आणि माझे हात भरून आले होते. तेवढ्यात मामीनं दाण्यांचा डबा खुळखुळवला. कबूतर खाली आलं, पण वाद काही खाली येईना. अखेर सगळे पंच जमले आणि मामा बाद ठरला.

संध्याकाळपर्यंत मामा माझ्याकडं पाठ करून कबुतरांचं खुराडं झाडत राहिला. मग हळूच शेजारी येऊन बसला. "ते माईकवर बसल्यालं दाव की." त्यानं ते इतक्या वेळा बघितलं, की कॅमेऱ्याची बॅटरी संपली. दर वेळी लय हसला.

फिल्म दाखवल्यावर सरांनी विचारलं, "या वादात दिग्दर्शक म्हणून तुझी भूमिका काय?"

मी उभी राहून गंभीरपणे म्हणाले, "सर, कबूतर आमच्याच गच्चीवर उतरलं होतं."